बिनसाखरेची कॉफी

रविवार हा वस्तीचा सुट्टीचा दिवस. सुट्टी म्हणजे त्या दिवशी कापूस वेचायचा नाही, कालव्यातला गाळ उपसायचा, आणि तोही स्वखुशीनं. स्वखुशीनं कोण कोण आलं याची हजेरी सकाळी सहाला होई. त्या रविवारी सानियेचं नाव आलं तसा मुकादम म्हणाला, "तू नाही. तू घरी थांब. तुझ्याकडे माणूस येणार आहे."

रांगेतली माणसं एकदम आपापल्या फावड्यांकडे निरखून पाहू लागली. माणूस येणार म्हणजे कोण येणार हे वस्तीतल्या शेंबड्या पोरालाही कळत होतं. शेजारीण मकबुले तेवढी जाता जाता तिला घासून गेली आणि ओठ न हलवता म्हणाली, "शेगडी पेटती ठेव गं. हात गार पडले की माणूस भलतंच बोलून जातो."

मकबुलेचा नवरा ताहिर तिच्या मागेच होता. खांद्यावर फावडं आणि तोंडात कसलीशी शीळ. या माणसाला कधी भीती वाटलेली कुणी पाहिली नव्हती, आणि ते काही चांगलं लक्षण नव्हतं.

सानिये खोलीत परतली. सहा वर्षांपूर्वीपर्यंत ती कोर्चा शहरात शाळामास्तरीण होती आणि तिचा नवरा नेशात पाटबंधाऱ्याचा इंजिनियर. कुठल्याशा बैठकीत तो म्हणाला की हे नवे पंप पहिल्या पावसात बंद पडतील. पंप खरोखरच पहिल्या पावसात बंद पडले. त्यामुळे घातपात त्यानंच केला हे सिद्ध झालं आणि त्याला उत्तरेकडच्या तांब्याच्या खाणीत दहा वर्षं मिळाली. बायको आणि म्हातारी आई यांनी काहीच केलं नव्हतं, म्हणून त्यांना तुरुंगात न टाकता या दलदलीच्या मुलखात आणून ठेवलं. लांबलचक बराक, मध्ये बोरूच्या कुडाच्या भिंती, त्यांवर मातीचा गिलावा. एका खोलीत कुणी कूस बदलली तरी तिसऱ्या खोलीत कळे.

सासू हातिजे खिडकीशी गोधडीवर बसली होती. ऐंशीच्या पुढची म्हातारी. मुलाला धरून नेलं त्या वर्षापासून तिचे कान गेले ते गेलेच. कानाशी ओरडलं तरी ती फक्त तोंडाकडे बघे. सानियेला कधी कधी तिचा हेवा वाटायचा.

मार्चपासून नेशातचं पत्र नव्हतं. त्याआधी महिन्याला एक तरी यायचं, अर्ध्या ओळी काळ्या केलेलं. आता ऑक्टोबर संपत आला होता. ऑफिसात विचारलं की उत्तर एकच, "काही असतं तर कळवलं असतं."

दहाच्या सुमारास दाराशी पावलं थांबली. सुरक्षा खात्याचा हेकुरान. तिशीचा असेल, डोंगराकडचा, बोलण्यात अजून डोंगर शिल्लक होता. महिन्यातून एकदा तो बुटासकट खोलीत येई, उभ्यानंच चार प्रश्न विचारी आणि चिखलाचे ठसे ठेवून जाई. आज त्यानं उंबऱ्याशी वाकून बुटांच्या नाड्या सोडल्या. बूट नीट जोडीनं भिंतीशी ठेवले आणि मोज्यांनी आत आला. एका मोज्याच्या अंगठ्याला रफू होतं.

सानिये त्या बुटांकडे बघत राहिली. बूट घालून येणाऱ्याला काय हवं असतं ते माहीत असतं.

"आज चौकशी नाही," हेकुरान मांडी घालून बसत म्हणाला. "आज पाहुणा म्हणून आलोय. आजी बऱ्या आहेत ना?"

"त्यांना ऐकू येत नाही," सानिये म्हणाली.

तिनं त्याला कधीच कुठल्या नावानं हाक मारली नव्हती. 'कॉम्रेड' म्हणायचा हक्क सरकारच्या वैऱ्यांच्या बायकांना नव्हता, 'साहेब' हा शब्द जुन्या राजवटीबरोबर गाडला गेला होता. मग उरतं काय? ती नुसत्या 'तुम्ही'वर काम भागवत असे.

"पाहुणा म्हटल्यावर कॉफी तरी विचार," तो हसला. "का तीही बंद केलीस?"

आता याला काय म्हणावं? त्याच्या खात्याच्या लोकांना अशा घरात पाण्याचा घोटही घ्यायची मनाई, हे सगळी वस्ती जाणून होती. पण उंबरा ओलांडून आलेल्याला कॉफी नाही म्हणायचं, मग तो बापाचा मारेकरी का असेना, हे या देशात अजून कुणाला जमलेलं नाही. सरकारनं देव बंद केला, मशिदीत गोदाम केलं, चर्चमध्ये व्यायामशाळा केली. कॉफीपुढे मात्र सरकारनं हात टेकले होते.

सानियेनं फळीवरून डबा काढला. आत मूठभर दाणे होते, ती नव्या वर्षापासून जपत होती. का ते सांगायला नको. नेशात येईल त्या दिवशी घरात कॉफी नाही असं व्हायला नको होतं. त्यातले थोडे तिनं तव्यावर भाजले आणि पितळी गिरणीत दळले. शेगडीत कापसाच्या वाळक्या पऱ्हाट्या तडतडत होत्या. साखर फडक्यात बांधून ठेवलेली होती, दोनच चमचे. म्हातारीला घेरी आली की पाण्यातून द्यायला. हात फडक्याकडे गेला आणि तिथेच थांबला. याला? म्हातारीच्या तोंडची साखर काढून याला?

"साखर संपलीय," ती म्हणाली. "रेशन दहा तारखेनंतर."

"चालेल की."

"बिनसाखरेची कॉफी देऊ नये माणसाला. अशुभ असते."

"शुभ-अशुभ वगैरे काही नसतं," हेकुरान म्हणाला. "मास्तरीण असून असं बोलतेस?"

नसेल. पण गेल्या हिवाळ्यात चौथ्या खोलीतला म्हातारा सेफेर गेला तेव्हा सारी वस्ती तेच करून आली होती. तीनपेक्षा जास्त माणसांनी जमायची बंदी, म्हणून माणसं दोघं दोघं गेली. मयताच्या घरची कॉफी, साखरेचा कणही नाही. ती संपवायची, कप खाली ठेवायचा, उजवा हात छातीवर न्यायचा आणि म्हणायचं, "तुम्ही तरी जगा." एवढंच. गेलेल्याबद्दल एक अक्षर नाही. एरवी कुणाच्या घरी कॉफी पिऊन कप ठेवताना म्हणतात, "आनंदात राहा." ही दोन वाक्यं लहानपणी आई पाठीत धपाटा घालून शिकवते. पोर मोठं होतं, मंत्री होतं किंवा कैदी होतं, पण रिकामा कप मुकाट्यानं ठेवायला त्याला जमत नाही.

तिनं कप त्याच्यापुढे ठेवला. त्यानं अजून तो उचलला नाही. पिशवीतून एक कागद काढला.

"नेशातबद्दल बोलायला आलोय," तो म्हणाला. "नोव्हेंबरच्या सणाला माफी निघणार आहे. त्या यादीत त्याचं नाव घालता येईल. मी घालू शकतो."

सानियेनं शेगडीतली काटकी उगाच पुढे सारली.

"परवाच चौकशी केली मी. खोकतो जरा, पण बरा आहे. तू पाठवलेले लोकरी मोजे मिळाले त्याला. विचारत होता, आई जेवते का नीट."

आई जेवते का. हे नेशातचंच वाक्य होतं, प्रत्येक पत्रातलं. सानियेच्या डोळ्यांत पाणी आलं आणि तिला स्वतःचाच राग आला. या माणसासमोर नाही. "पत्र का नाही मग?" तिनं विचारलं.

"येईल. तोच येईल पत्राऐवजी." त्यानं कागद तिच्यापुढे सरकवला. "वाच. खोटं काही लिहिलेलं नाही."

तिनं वाचलं. सोळा सप्टेंबरला कापसाच्या रानात दुपारच्या सुट्टीत ताहिर, मकबुलेचा नवरा, भाकरीचा तुकडा मोडून म्हणाला होता, "पूर्वी भाकरीला भाकरीची चव होती." खाली रिकामी जागा. मी हे माझ्या कानांनी ऐकलं, आणि सही.

आणि खरंच, तिनं ते ऐकलं होतं. ती तिथेच बसली होती. तिला हसूही आलं होतं, कारण भाकरी त्या दिवशी खरोखर भुशासारखी होती. त्या एका वाक्याला आठ-दहा वर्षं सहज मिळाली असती. मकबुलेला दोन पोरं. धाकटीच्या दुखण्यात रात्रभर सानियेच मांडीवर घेऊन बसली होती.

"मला आठवत नाही," ती म्हणाली.

"आठवेल." हेकुरानच्या आवाजात जराही चीड नव्हती. "तू शिकलेली बाई. नीट विचार कर. ताहिर आज ना उद्या जाणारच. तुझी सही नसली तर दुसऱ्याची असेल, इथे सह्यांना तोटा नाही. फरक एवढाच की दुसऱ्यानं सही केली तर दुसऱ्याचा नवरा घरी येईल. तुझा आणखी चार वर्षं खाणीत खोकत बसेल. चार वर्षं निघतील त्याच्यानं?"

शेगडीतली काटकी मोडून पडली. खिडकीशी म्हातारी त्या दोघांच्या तोंडांकडे आळीपाळीनं बघत होती.

"आणि ही?" त्यानं मानेनं तिकडे खूण केली. "तिनं पोराचं तोंड न बघता मरावं, असं आहे तुझ्या मनात?"

ज्यांना ही पाळी कधी आली नाही ते म्हणतील, बाईनं कागद फाडून त्याच्या तोंडावर फेकायचा. तसं म्हणायला काही लागत नाही. सानियेच्या डोळ्यांपुढे त्या क्षणी ताहिर नव्हता, त्याची पोरंही नव्हती. तिला दारात वाकून बूट काढणारा नेशात दिसत होता. डावा आधी, मग उजवा. असं दिसायला लागलं की माणसाचं काय उरतं?

तिनं पेन घेतलं. निब फुटकी होती, बोटाला शाई लागली. रिकाम्या जागेवर तिनं टोक टेकवलं आणि आपल्या नावाचं पहिलं अक्षर काढलं, फळ्यावर काढायची तसंच, गोल आणि सुबक.

हेकुराननं श्वास सोडला. काम झालं होतं. त्याचे खांदे सैल पडले. आता कुठे त्यानं कप उचलला आणि घाईनं, दोन-तीन घोटांत तो कडू काढा संपवला. तोंड जरासं वाकडं झालं. कप खाली ठेवला. उजवा हात उठला, छातीवर टेकला, आणि मान किंचित झुकवून तो म्हणाला, "तुम्ही तरी जगा."

पेन थांबलं.

तो आत्तापर्यंत तिला 'तू' म्हणत होता. हे 'तुम्ही' त्याचं नव्हतं. त्याच्या आईचं होतं, आजीचं होतं, डोंगरातल्या कुठल्याशा गावातल्या सगळ्या मयतांच्या घरांचं होतं. कडू चव जिभेवर पडली, मनाला ठाऊक होतं ते जिभेनं उचललं आणि ती माणसाच्या आधी बोलून गेली.

सानियेनं मान वर केली. हेकुरानचा हात अजून छातीवरच होता. त्यानं तो पाहिला, कुणा दुसऱ्याचा असावा तसा, आणि खाली घेतला. चेहरा मेणासारखा झाला होता.

"कधी?" तिनं विचारलं.

"काय कधी? सही पुरी कर."

"कधी गेला?"

"मी काही बोललो नाही."

"कॉफी पिऊन तुम्ही काय म्हणालात?"

"आनंदात राहा म्हणालो. सगळे म्हणतात ते."

"नाही," सानिये म्हणाली. तिचा आवाज तिलाच लांबून आल्यासारखा वाटला. "मी वीस वर्षं पोरांना शुद्धलेखन घातलंय. मला शब्द नीट ऐकू येतात."

बाहेर कालव्यावरून भोंग्यात गाणं लागलं. हेकुराननं दाराकडे पाहिलं, कुडाकडे पाहिलं. पलीकडच्या खोल्या रिकाम्या होत्या, त्यानंच त्या रिकाम्या करून घेतल्या होत्या. खाणीतला कैदी मेला हे सरकार सांगेल तेव्हाच मेलेला असतो. त्याआधी ते घरच्यांना सांगणं हे काय प्रकरण होतं, ते त्याच्याइतकं कुणाला ठाऊक असणार? आणि वर वैऱ्याच्या घरी कॉफी पिऊन.

"एप्रिलमध्ये," तो अखेर म्हणाला. इतक्या हळू की ओठच हलले. "दरड कोसळली."

एप्रिल. मोजे तिनं जूनमध्ये पाठवले होते. कुणाच्या पायात होते ते कोण जाणे. तिनं त्याच्या रफू केलेल्या मोज्याकडे पाहिलं. तो सुती होता. निदान तेवढं तरी नव्हतं.

तिनं पेन आडवं ठेवलं. "हा कागद तसाच घेऊन जायचा असेल तर न्या. सही एका अक्षरावर का थांबली, असं कुणी विचारलं तर मी खरं सांगेन. हेकुरान आले, बूट काढले, कॉफी प्याले आणि काय म्हणाले ते."

"तुझं कोण ऐकणार?"

"तुमच्याच ऑफिसात कुणीतरी ऐकेल. तुमच्या जागेवर डोळा ठेवून कुणीच बसलेलं नाही का?"

हेकुराननं कागद उचलला, चार घड्या केल्या आणि शेगडीत टाकला. तो पुरता जळेपर्यंत दोघंही बघत राहिली.

"पुन्हा कुणी हा कागद आणणार नाही. मी बघतो," तो उठत म्हणाला. "पण तू ऐक. रडायचं नाही. काळं घालायचं नाही. कामाला खाडा नाही. एक हुंदका जरी या भिंतीपलीकडे गेला तर ते विचारतील कुणी सांगितलं. मग मी जाईन, पण माझ्याआधी तू जाशील. आणि हिला बघायला कुणी राहणार नाही."

दारात बसून त्यानं बूट चढवले. पहिल्यांदाच खोलीत चिखलाचा ठसा नव्हता.

सानिये रडली नाही. उष्टा कप धुतला, पुसला, पालथा घातला. बोटाची शाई राखेनं घासली, ती निघाली नाही. संध्याकाळच्या हजेरीला नाव पुकारलं तेव्हा "हजर" म्हणाली. मुकादमानं चेहऱ्याकडे जरा जास्तच पाहिलं, तेव्हा तिनं जांभई दिली. ते जमलं कसं, हे तिलाही सांगता आलं नसतं. म्हातारीला सांगायचं नाही हे तिनं ठरवून टाकलं. तिला कळलं तर ती ओरडणार, बहिऱ्या माणसाला आपला आवाज कुठवर जातो ते कळत नाही.

हजेरीहून ती परतते तोच मकबुले आली. पायांवर कालव्याचा गाळ तसाच होता. "इस्तव दे गं थोडा," ती मोठ्यानं म्हणाली, भिंतींसाठी. आणि आत येऊन, दार लोटून, दबक्या आवाजात, "काय हवं होतं त्याला?"

"ताहिरभाऊंना सांग, भाकरीविषयी बोलू नका. चव असो नाहीतर नसो. गिळायची आणि गप्प बसायचं."

मकबुलेच्या चेहऱ्यावरचं रक्त उतरलं. तिची नजर सानियेच्या बोटावर गेली. "ही शाई?"

सानियेनं हात लपवला नाही. "एक अक्षर लिहिलं होतं, मकबुले. तुझ्यापासून काय लपवू? पुढचं नाही लिहिलं. कागद जळला. पण एक लिहिलं होतं."

मकबुले उभीच राहिली. आता ही दार आपटून जाणार, असं सानियेला वाटलं, आणि गेली असती तर तिचं काही चुकलं नसतं. भिंतीपलीकडे मकबुलेची पोरं कशावरून तरी भांडत होती. ती थोडा वेळ ते ऐकत राहिली. मग गाळानं भरलेल्या पायांनी तिथेच, शेगडीशी, खाली बसली.

"एका अक्षरानं नाव होत नाही," ती म्हणाली. "कॉफी आहे का? अंग गारठलंय माझं."

डब्यात तिघींपुरती होती. सानियेनं दाणे भाजले, दळले, भांडं शेगडीवर ठेवलं. म्हातारी जवळ सरकून बघत होती. फेस वर आला तशी सानियेनं साखरेच्या फडक्याची गाठ सोडली. आज दोन्ही चमचे घालायचे होते. कॉफी गोड झाली तर म्हातारीला काही कळणार नव्हतं.

फडक्यावर सुरकुतलेला हात पडला.

"साखर नको," हातिजे म्हणाली.

सानिये थिजली. म्हातारी ओरडली नव्हती. सहा वर्षांत ती इतक्या हळू कधी बोलली नव्हती.

"मला ऐकू येत नाही, पण दिसतं," हातिजे म्हणाली. "कॉफी पिऊन त्यानं छातीवर हात ठेवला." तिनं फडक्याची गाठ पुन्हा बांधली, घट्ट, दातांनी ओढून. "माझ्या पोराची कॉफी आहे. नीट कर."

तीन कप भरले गेले. मकबुलेनं पहिला घोट घेतला. तिची जीभ कडू चवीवर थबकली, आणि तिनं आधी सानियेकडे, मग म्हातारीकडे पाहिलं. काही विचारलं नाही. शेवटच्या थेंबापर्यंत प्याली, कप खाली ठेवला आणि गाळ लागलेला हात छातीवर नेला. तिच्या ओठांतून आवाज फुटला नाही. म्हातारीला तो लागतही नव्हता. तिनं ओठ वाचले आणि मान हलवली.

कितीतरी वेळ तिघी एकमेकींना धरून बसल्या. हुंदका एकीलाही परवडणारा नव्हता.

मग मकबुले उठली, डोक्यावरच्या रुमालानं तोंड पुसलं, खापरीवर दोन निखारे घेतले आणि दार उघडलं. बाहेर बराकीपुढे माणसं दोघं-तिघं मिळून बसली होती, मुकादमही होता. उंबऱ्यावरून वळून ती साऱ्या बराकीला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "आनंदात राहा हो. कॉफी गोड झाली होती."